ग्रीक पुराणातल्या मृतांच्या नद्या: किती, कोणत्या, आणि खारोनची नाव कुठे चालते?

प्रश्न थोडक्यात असा आहे: मेलेल्या बायकोला परत आणायला मृतांच्या जगात गेलेल्या ऑर्फियसच्या कथेवर शाळेतल्या मुलांचं नाटक बसवायचंय आणि मागच्या पडद्यावर ग्रीक पाताळाचा नकाशा रंगवायचाय. पाच नद्या असतात असं वाचलं, पण कुठली कुठून निघते, कुठे मिळते आणि नावाडी कुठल्या नदीवर असतो याबद्दल प्रत्येक ठिकाणी वेगळंच लिहिलेलं सापडतं. यातलं खरं कोणतं? आणि आपल्या वैतरणीशी याचा काही संबंध आहे का?

वीसेक वर्षं मी प्राचीन ग्रीक आणि लॅटिन वाङ्मय शिकवते आहे. हा प्रश्न जवळजवळ दर वर्षी वर्गात येतो, आणि मला तो फार आवडतो. एक गोष्ट आधीच सांगते, म्हणजे पुढचा गोंधळ टळेल. आपल्याकडे गरुडपुराणात यममार्ग, वाटेवरची नगरं, मध्ये वैतरणी असा सगळा प्रवास क्रमाने लावून दिलेला आहे. ग्रीकांकडे सगळ्यांनी मानलेला असा एक ग्रंथ नव्हता. महाकवी होमरचं पाणी वेगळं, कवी हेसिअडचं वेगळं, तत्त्वज्ञ प्लेटोचं वेगळं. म्हणून नकाशा जुळवत बसू नका. त्या त्या कवीच्या हातात ती नदी काय काम करते ते बघा.

तुम्ही वाचलेली पाच नद्यांची यादी, म्हणजे द्वेषाची स्टिक्स, दुःखाची आखेरोन, आक्रोशाची कोकितस, आगीची फ्लेगेथोन आणि विस्मरणाची लेथे, एवढ्या नीटसपणे होमर, हेसिअड किंवा प्लेटो यांच्यापैकी कुणाकडेच नाही. प्रत्येक नदीला एकेक भाव चिकटवून ती आपल्या डोक्यात पक्की बसवली इंग्रज कवी मिल्टनने, १६६७ साली आलेल्या त्याच्या महाकाव्याच्या दुसऱ्या सर्गात. नावांचे अर्थ त्याने मनाने रचलेले नाहीत. 'कोकितस'मागे जे ग्रीक क्रियापद आहे त्याचा अर्थ बायकांनी मयताजवळ फोडलेला हंबरडा. 'पिरिफ्लेगेथोन' म्हणजे आगीने धगधगणारा. 'आखेरोन'मध्ये ग्रीकांना 'आखोस', म्हणजे जिवाची वेदना, ऐकू यायची. 'स्टिक्स' हा शब्द तिरस्काराशी जोडलेला आहेच, पण त्याच शब्दाचं अनेकवचन ग्रीकमध्ये हाडं गोठवणाऱ्या थंडीसाठीही वापरलं गेलं आहे. म्हणून मला त्यात द्वेषापेक्षा अंगावर येणारा काटा जास्त जाणवतो.

'पाताळ' या शब्दाबद्दलही जरा सांभाळून. आपल्या पाताळात नाग राहतात, बळीराजा राहतो. मेलेली माणसं तिथे जात नाहीत. ग्रीकांचं हेडीज म्हणजे मृतांचं घर, आपल्या यमलोकाच्या जवळचं, आणि हेडीज हे तिथल्या राजाचंही नाव. होमरच्या 'ओडिसी' या महाकाव्यात तर हे ठिकाण जमिनीखाली उतरून गाठायचंच नाही. त्याचा नायक ओडिसियस गलबतात बसतो, पृथ्वीला वेढणारा ओकेआनोस ओलांडतो आणि पलीकडच्या काठावर उतरतो. तिथली खूण किर्की ही जादूगारीण त्याला सांगते: आखेरोनमध्ये पिरिफ्लेगेथोन येऊन मिळते, आणि कोकितसही मिळते, जी स्टिक्सच्या पाण्याचाच एक फाटा आहे, तिथे एक खडक आहे आणि गर्जत येणाऱ्या दोन नद्यांचा संगम. होमरचा नकाशा म्हणाल तर एवढाच, तीन ओळींचा. लेथे त्यात नाही. नावाडीही नाही.

आता स्टिक्स. सगळ्यात जास्त गैरसमज हिच्याबद्दल आहेत, आणि माझं सगळ्यात जास्त प्रेमही हिच्यावरच. जुन्या ग्रीक काव्यात स्टिक्स मेलेल्यांपेक्षा देवांच्या कामाची आहे. हेसिअडच्या 'थिऑगनी'त ती ओकेआनोसची थोरली लेक. टायटनांशी, म्हणजे आधीच्या पिढीच्या देवांशी, युद्ध होणार म्हटल्यावर देवांचा राजा झ्यूस याच्या बाजूला सगळ्यात आधी तीच येऊन उभी राहिली, आपली चारही मुलं घेऊन: ईर्ष्या, विजय, सत्ता आणि बळ. झ्यूसने तिला मान दिला तो असा की यापुढे देवांची सर्वात मोठी शपथ तिच्या नावाने व्हायची. देवांमध्ये भांडण लागलं, कुणी खोटं बोलतंय असा संशय आला, की देवांची दूत आयरिस सोन्याचा घडा घेऊन जाते आणि उंच कड्यावरून पडणारं ते गार पाणी भरून आणते. ओकेआनोसच्या पाण्याचे दहा वाटे केले तर नऊ पृथ्वीभोवती फिरतात आणि दहावा या कड्यावरून खाली येतो. ते पाणी ओतून जो देव खोटी शपथ घेईल तो वर्षभर श्वासाशिवाय, आवाजाशिवाय पडून राहतो; अमृत त्याच्या ओठांपाशी येत नाही. त्यानंतर नऊ वर्षं सभा बंद आणि पंगतही बंद. दहाव्या वर्षी तो परत घेतला जातो.

किती अचूक विचार आहे हा! देव मरू शकत नाहीत, मग त्यांना शपथेची भीती कशाची? तर मरणाच्या जवळात जवळ जाणाऱ्या एका वर्षाची. वाळीत टाकणं ही शिक्षा देवांनाही लागू आहे. होमरच्या 'इलियड'मध्ये झ्यूसची बायको हेरा स्वतः निर्दोष असल्याची शपथ घेते ती पृथ्वी, आकाश आणि स्टिक्सच्या कोसळत्या पाण्याला साक्षी ठेवून.

आणि हे पाणी खरोखर आहे. पेलोपोनीजमध्ये आर्केडियाच्या उत्तर कडेला खेल्मोस नावाचा डोंगर आहे. तिथल्या उभ्या कड्यावरून सुमारे २०० मीटर खाली पडणारी एक बारीक धार ग्रीक लोक पूर्वापार स्टिक्स म्हणून दाखवत आले आहेत. आजचं तिचं नाव माव्रोनेरो, म्हणजे काळं पाणी. ग्रीक इतिहासकार हेरोडोटसने लिहून ठेवलंय की स्पार्टाचा राजा क्लिओमेनीस आर्केडियातल्या पुढाऱ्यांना एकत्र करून नोनाक्रिस गावी नेऊ पाहत होता, या पाण्यावर त्यांच्याकडून शपथ घ्यायला. म्हणजे देवांची शपथ माणसं राजकारणात वापरत होती. इ.स.च्या दुसऱ्या शतकात पौसानियास नावाचा प्रवासी तिथलं वर्णन करताना सांगतो की हे पाणी माणसाला आणि जनावराला मारतं, काच, मातीची भांडी, धातू सगळं खातं, फक्त घोड्याच्या खुरात टिकतं. सिकंदर ३२३ साली (इसवी सनापूर्वी) बाबिलोनमध्ये गेला तेव्हा याच पाण्याने त्याला विष घातल्याची वदंता उठली. चरित्रकार प्लुटार्क ती सांगतो, आणि बहुतेक लेखक विषाची गोष्ट रचलेली मानतात हेही सांगतो. पाण्याने भांडी फुटतात ही कथाच, पण कड्याच्या सावलीतलं ते बर्फगार पाणी पाहिलेल्या माणसाला अशी कथा का सुचली असेल हे समजू शकतं.

इलियडचा नायक अकिलीस याच्या आईने त्याला टाचेला धरून स्टिक्समध्ये बुडवलं, ही सगळ्यांना ठाऊक असलेली गोष्ट होमरमध्ये नाही. उलट इलियडच्या एकविसाव्या सर्गात अकिलीसच्या हाताला भाला चाटून जातो आणि रक्त येतं. बुडवण्याची गोष्ट आपल्याला मिळते ती इ.स.च्या पहिल्या शतकातल्या स्टाटियस या रोमन कवीकडून. नाटकात कुणी ती घुसडत असेल तर निदान तुम्हाला माहीत असावं.

होमरची स्टिक्सबद्दलची आणखी एक ओळ मी वर्गात नेहमी वाचून दाखवते. थेसलीत टिटारेसोस नावाची नदी पेनेओसला मिळते, पण तिच्यात मिसळत नाही. तेलासारखी वरच्या वर तरंगत जाते, कारण ती शपथेच्या स्टिक्सचा फाटा आहे. वेगळ्या रंगाच्या दोन नद्या संगमानंतरही काही अंतर वेगवेगळ्या दिसतात, हे कुणीतरी डोळ्यांनी बघितलेलं आहे. या 'पाताळातल्या' नद्यांच्या मुळाशी अशी बघितलेली पाणी आहेत.

आखेरोनचंही तसंच. वायव्य ग्रीसमध्ये एपिरस प्रांतात ती आजही वाहते. ग्लिकी गावाजवळ चुनखडीच्या अरुंद घळीतून निळंशार पाणी बाहेर येतं आणि आमुदियापाशी समुद्राला मिळतं. उन्हाळ्यात लोक त्या पाण्यातून चालत जातात, राफ्टिंग करतात. पूर्वी मधल्या सखल भागात मोठी दलदल होती, आखेरुसिया सरोवर. विसाव्या शतकात ते पाणी काढून शेती केली गेली. जवळच कोकितस मानली जाणारी उपनदीही आहे. पौसानियासने हे सगळं पाहून सरळ लिहिलं की होमरने हा मुलूख पाहिला असावा आणि इथल्या नद्यांची नावं हेडीजमधल्या नद्यांना दिली असावीत. मला त्याचं म्हणणं पटतं, निदान दिशा तरी. ग्रीसचा बराचसा डोंगर चुनखडीचा आहे. वाहती नदी एखाद्या विवरात गडप होते आणि काही मैलांवर डोंगराच्या पायथ्याशी पुन्हा उसळते, हे तिथे जागोजागी घडतं. अशा देशात नद्या जमिनीखालीही वाहतात हे सांगायला कवी लागत नाही, तो तिथल्या गुराख्याचा रोजचा अनुभव.

याच आखेरोनच्या काठी मृतांना प्रश्न विचारायचं स्थान होतं. हेरोडोटसची त्यावरची कथा अंगावर येते. कॉरिंथचा हुकूमशहा पेरिआंद्रोस एका हरवलेल्या ठेवीबद्दल विचारायला आपल्या मेलेल्या बायकोकडे, मेलिसाकडे, माणसं पाठवतो. ती म्हणते, सांगणार नाही, मला थंडी वाजते, मी उघडी आहे. माझ्याबरोबर पुरलेली वस्त्रं जाळलीच नव्हती, मग ती माझ्या काय उपयोगाची? तेव्हा पेरिआंद्रोस शहरातल्या सगळ्या बायकांना देवळात बोलावतो, सणाची वस्त्रं नेसून आलेल्या त्या सगळ्यांना विवस्त्र करवतो आणि कपडे खड्ड्यात घालून मेलिसाच्या नावाने जाळतो. मग ती ठेवीची जागा सांगते. सोतिरिओस दाकारिस या ग्रीक पुरातत्त्वज्ञाने १९५८ पासून मेसोपोतामोस गावाजवळच्या टेकडीवर उत्खनन केलं आणि हेच ते स्थान असं जाहीर केलं. तिथे सापडलेली काशाची चक्रं भुतं वर आणण्याच्या यंत्राची असावीत असा त्याचा अंदाज होता. पुढे डिट्वुल्फ बाट्स या जर्मन अभ्यासकाने ते कॅटापल्ट या मारा करणाऱ्या युद्धयंत्राचे भाग असल्याचं दाखवलं. आज अनेकजण ती इमारत तटबंदीचं शेतघर मानतात. फलकावर मात्र मृतांच्या प्रश्नस्थानाचंच नाव आहे.

आता नावाडी. ग्रीकमध्ये त्याचं नाव खारोन. इलियडच्या तेविसाव्या सर्गात अकिलीसच्या मेलेल्या मित्राचा, पॅट्रोक्लसचा, आत्मा त्याच्या स्वप्नात येऊन विनवतो: मला लवकर अग्नी दे, इतर छाया मला नदीपलीकडे त्यांच्यात मिसळू देत नाहीत. नदी आहे, तिला नाव नाही, नावाडी नाही. खारोन आपल्याला दिसतो तो साधारण इ.स.पू. ५०० च्या सुमारापासून, आणि पाचव्या शतकातल्या अथेन्सच्या पांढऱ्या तेलकुप्यांवर तर पुष्कळदा. या कुप्या थडग्यांवर ठेवत. काठावर गवत, नाव लावून उभा असलेला कामकरी माणूस, आणि समोर एखादी बाई किंवा लहान मूल. तो तिथे क्रूर नसतो. वाट बघत असतो. युरिपिडीसच्या इ.स.पू. ४३८ च्या 'अल्केस्तिस' नाटकात मरणाऱ्या राणीला तो दिसतो: दोन वल्ह्यांची नाव, हात बांबूवर, आणि 'कशाला उशीर करतेस?' ही हाक. ते पाणी आखेरोनचं सरोवर आहे. इ.स.पू. ४०५ मध्ये अॅरिस्टोफेनीसच्या 'बेडूक'मध्येही ते अथांग सरोवरच, आणि भाडं दोन ओबोल. ओबोल म्हणजे द्राख्माचा सहावा भाग. थडग्यांमध्ये नाणी सापडतात, कधी तोंडात, कधी हातात. पण सगळ्या थडग्यांत नाही, थोड्यांतच.

तेव्हा तुमच्या प्रश्नाला नेमकं उत्तर: जुन्या ग्रीकांचा खारोन आखेरोनवर, म्हणजे आखेरुसिया सरोवरावर. स्टिक्सवर तो गेला मुख्यतः रोमन कवींमुळे. व्हर्जिलने 'इनीड'च्या सहाव्या सर्गात आखेरोन, कोकितस आणि स्टिक्सची दलदल एकाच दृश्यात आणली, आणि तिथून पुढे युरोपभर 'स्टिक्स ओलांडणं' म्हणजे मरणं झालं.

आगीच्या नदीसाठी प्लेटोकडे जा. 'फेडो'मध्ये सॉक्रेटिस विष पिण्याआधी मित्रांना पृथ्वीच्या पोटातलं पाणी समजावून सांगतो. त्याच्याकडे नद्या चार: ओकेआनोस, आखेरोन, पिरिफ्लेगेथोन आणि कोकितस, स्टिक्स म्हणजे कोकितस जिथे शिरते ते सरोवर. ज्वालामुखीतून उसळणारा लाव्हा हा पिरिफ्लेगेथोनचाच वर आलेला तुकडा, असं तो म्हणतो. आणि मग येतं ते दृश्य, जे मी इतक्या वर्षांत शांतपणे वाचू शकलेले नाही. रागाच्या भरात ज्यांनी कुणाचा जीव घेतला आणि नंतर आयुष्यभर पस्तावले, ते वर्षभर टार्टारसमध्ये, म्हणजे पृथ्वीच्या पोटातल्या सगळ्यात खोल खड्ड्यात, राहतात. मग लाट त्यांना बाहेर फेकते: माणूस मारणाऱ्यांना कोकितसमधून, आईबापांवर हात टाकणाऱ्यांना पिरिफ्लेगेथोनमधून. वाहत वाहत ते आखेरुसिया सरोवराजवळून जातात तेव्हा ज्यांना मारलं त्यांना हाका मारतात, आम्हाला बाहेर येऊ द्या म्हणून विनवतात. त्यांनी ऐकलं तर सुटका. नाही ऐकलं तर पुन्हा टार्टारस, पुन्हा नदी, पुन्हा तोच काठ. इथे न्यायाधीश माफ करू शकत नाही. ज्याचं वाईट केलं तोच करू शकतो.

लेथे सगळ्यात उशिरा आली. हेसिअडकडे लेथे, म्हणजे विस्मरण, ही कलहाची मुलगी आहे, नदी नाही. प्लेटोच्या 'रिपब्लिक'च्या शेवटी लेथेचं ओसाड, झाड नसलेलं मैदान आहे आणि तिथल्या नदीचं नाव अमेलेस, बेफिकीर. तिचं पाणी कुठल्याच भांड्यात राहत नाही. पुनर्जन्माआधी प्रत्येकाने ते ठराविक मापाने प्यायचं. ज्यांना भान नाही ते जास्त पितात. मग झोप, मध्यरात्री गडगडाट, आणि ताऱ्यांसारखे सगळे नव्या जन्माकडे उडतात. सत्यासाठीचा ग्रीक शब्द 'अलेथेइआ', त्यातही हीच लेथे नकारासह बसलेली दिसते: जे विसरलेलं नाही, झाकलेलं नाही, ते सत्य.

विसरायचं नाही असं ठरवलेले लोकही होते. दक्षिण इटलीत हिप्पोनिओन इथे १९६९ मध्ये एका स्त्रीच्या थडग्यात सोन्याचा छोटा पत्रा मिळाला, साधारण इ.स.पू. ४०० चा. त्यावर मृत स्त्रीसाठी वाटेच्या सूचना आहेत. उजवीकडे पांढऱ्या सायप्रसजवळ एक झरा दिसेल, त्याच्या जवळ जाऊ नकोस. पुढे स्मृतीच्या सरोवरातून गार पाणी वाहत येतं. तिथले राखणदार विचारतील. त्यांना सांग: मी पृथ्वीचं आणि ताऱ्यांनी भरलेल्या आकाशाचं लेकरू, तहानेने माझा जीव जातोय, स्मृतीच्या सरोवराचं पाणी मला द्या. वाचून कळतं की हे कुणाच्या तरी प्रेताबरोबर, ती चुकू नये या काळजीने, ठेवलेलं आहे. अशा पत्र्यांपैकी एक, पेतेलियाचा, ब्रिटिश म्युझियममध्ये आहे.

वैतरणीबद्दल. एकाने दुसऱ्याची नक्कल केली असं म्हणायला आधार नाही, आणि दोन्हींचं काम वेगळं आहे. वैतरणी पाप्याला छळते. दान, विशेषतः गोदान केलेला तिच्यातून तरून जातो. आखेरोन पापपुण्य विचारत नाही. तुमचे अंत्यसंस्कार झाले का, एवढंच विचारते. व्हर्जिलकडे तर मूठमाती न मिळालेले जीव १०० वर्षं काठावर भटकतात. पण एक साम्य मला खरं वाटतं: दोन्हीकडे मरणानंतरच्या नदीचं नाव जमिनीवरच्या नदीलाही आहे. त्र्यंबकच्या डोंगरात उगम पावून पालघर जिल्ह्यातून समुद्राला जाणाऱ्या वैतरणेवर मोडकसागर आहे आणि मुंबई तिचं पाणी पिते. एपिरसचे शेतकरी आखेरोनच्या पाण्यावर शेती करतात, तसंच.

आता तुमचा पडदा. नाटक ऑर्फियसचं आहे, म्हणून पाच नद्यांचा नकाशा सोडा आणि ऑर्फियसची कथा सांगणाऱ्यांनी काय पाहिलं ते रंगवा. व्हर्जिलच्या 'जॉर्जिक्स'च्या चौथ्या भागात कोकितसचा काळा चिखल आहे, वेडेवाकडे बोरू, संथ नकोसं पाणी, आणि नऊ वेढे घालून बसलेली स्टिक्स. डेल्फीला पॉलिग्नोटस या चित्रकाराने आखेरोन रंगवली होती, तिचंही वर्णन पौसानियासने ठेवलंय: बोरू, आणि पाण्यात मासे, पण इतके पुसट की माशांपेक्षा माशांच्या सावल्या वाटाव्यात. मुलांना हे मासे काढायला नक्की आवडेल. पातळ करड्या रंगात, कडा न काढता. खारोनची होडी पडद्यावर रंगवू नका, रंगमंचावर ठेवा, कारण व्हर्जिलकडे ऑर्फियसची बायको युरिडिसी दुसऱ्यांदा जाते तेव्हा ती गार पडलेली त्या नावेतच असते. आणि समोरच्या काठावर थोडी मोकळी जागा सोडा. खारोनने दुसऱ्यांदा न्यायला नकार दिल्यावर ऑर्फियस सात दिवस अन्नाशिवाय त्या काठावर बसून राहिला, असं रोमन कवी ओव्हिड सांगतो. तुमच्या मुलाला तिथे बसायला जागा लागेल.